बदनामीची पात्रयोजना

पोळ्याला पांढुर्ण्यास जायचे आणि परतताना सौंसरला आत्याकडे दोन दिवस मुक्काम करायचा, हा आमच्या घरचा जुना शिरस्ता आहे. इंदुरात तीन पिढ्या गेल्या, तरी आमचे मूळ तिकडे, नागपूरच्या वेशीवर. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी जाम नदीवर पांढुर्णा आणि सावरगाव यांच्यात जी गोटमार होते, ती मी लहानपणी मामांच्या खांद्यावर बसून पाहिली. आता काठावरच्या एखाद्या गच्चीवरून पाहतो. मागच्या खेपेस ती आटोपून सौंसरला पोहोचलो, तो दिवेलागण झाली होती. आत्या पलंगावर बसून नातवाच्या मोबाइलवर मालिका पाहत होती.

आत्याचे वय ऐंशीच्या पुढे. दृष्टी अधू झाली आहे, पण माणसाचा चेहरा ओळखण्यात चूक होत नाही. नातवाने तिला ‘सिंधुताई माझी माई’ या मालिकेचे जुने भाग लावून दिले होते. २०२३ च्या ऑगस्टात ‘कलर्स मराठी’वर सुरू झालेली ही मालिका सिंधुताई सपकाळांच्या आयुष्यावरची. सिंधुताई वर्ध्याजवळच्या पिंपरी मेघेच्या, म्हणजे सौंसरकरांना घरच्याच. पडद्यावर लहानग्या चिंधीचा बाप, अभिमान साठे, पोरीला शिकवण्याचे मनावर घेऊन बसला होता. आत्या बराच वेळ त्याच्याकडे पाहत राहिली आणि एकाएकी म्हणाली, “हा तर तो पोरीला झिडकारणारा बाप न रे? याला तर काढून टाकलं होतं. मग हा इथं कसा आला?”

नातू नागपुरास नोकरीला असतो, सणापुरता घरी आला होता. तो हसून म्हणाला, “आजी, काढलं म्हणूनच तर आला. वाद झाला की नाव होतं. तिकडे इटलीत तर खऱ्या गुंडांनाच घेतात.” आणि मग माझ्याकडे वळून, “काका, तुम्ही ‘गोमोरा’ पाहिली की नाही?”

पाहिली होती. परंतु त्याच्या त्या एका वाक्यात इतक्या निरनिराळ्या गोष्टींची मिसळ झाली होती, की ती वेगळी करावी म्हणून हे लिहावयास घेतले आहे.

आत्याचा प्रश्न ज्यांच्याविषयी होता ते नट म्हणजे किरण माने. ‘मुलगी झाली हो’ ही मालिका ‘स्टार प्रवाह’वर २०२० साली सुरू झाली. मुलगी झाली म्हणून तोंड फिरवणारा बाप आणि बोलता न येणारी ती मुलगी, माऊ, अशी तिची कथा. त्या बापाची, विलास पाटलाची, भूमिका माने करीत. वर्षभराहून अधिक काळ लक्षावधी घरांनी त्या बापाचा रागराग केला, ही नटाला पावतीच होय. २०२२ च्या जानेवारीत त्यांना मालिकेतून अचानक दूर करण्यात आले. आपण समाजमाध्यमांवर राजकीय मते मांडतो म्हणून ही शिक्षा झाली, असे मान्यांचे म्हणणे. निर्मात्यांचे म्हणणे असे की, राजकारणाचा येथे काडीचा संबंध नाही. सहकलावंत स्त्रियांशी त्यांचे वर्तन बरोबर नव्हते. मान्यांनी हे आरोप नाकारले. मालिकेतल्या स्त्री-कलावंतांतही दोन तट दिसले. काहींनी तक्रारीला दुजोरा दिला, तर काही मान्यांच्या बाजूने बोलल्या. वाई तालुक्यातील गुळुंब गावी चित्रीकरण चाले, तेथल्या ग्रामपंचायतीने चित्रीकरण थांबविण्याविषयी पत्र दिले. एका नटाला काढले म्हणून ग्रामपंचायतीचे पत्र निघावे, ही मराठी करमणुकीच्या इतिहासात नोंद करून ठेवण्याजोगी गोष्ट आहे. पुढे त्या भूमिकेत दुसरा नट आला आणि कालांतराने मालिका संपली.

आता पुढची पावले पाहा. जानेवारीत ज्यांना एका वाहिनीने दूर केले, त्याच मान्यांना २०२२ च्याच ऑक्टोबरात दुसऱ्या वाहिनीने ‘बिग बॉस मराठी’च्या घरात नेऊन बसविले. त्या घरात माणसे एकमेकांशी भांडावीत याचसाठी कोंडलेली असतात, तेव्हा वादाचा वास असलेला माणूस तेथे सोन्याच्या भावाने जातो. मान्यांनी तेथे चांगलाच टिकाव धरला आणि २०२३ च्या जानेवारीत तिसऱ्या क्रमांकाने बाहेर आले. ऑगस्टात त्याच वाहिनीवर ते सिंधुताईंचे वडील झाले. पोरीला झिडकारणारा बाप दीड वर्षात पोरीसाठी झुरणारा बाप झाला. २०२४ च्या जानेवारीत त्यांनी उद्धव ठाकरे यांच्या शिवसेनेत प्रवेश केला. नटाची ही चढती कमान पाहून मला आनंदच वाटतो. ते गुणी नट आहेत याविषयी शंका नाही. माझी तक्रार त्यांच्याविषयी नाही.

माझी तक्रार अशी आहे की, या एवढ्या प्रवासात मूळ प्रश्नाचे उत्तर कोणीच दिले नाही. दोन गोष्टी पणाला लागल्या होत्या आणि दोन्ही लहान नव्हत्या. मते मांडली म्हणून एखाद्याचा रोजगार गेला असेल, तर तो मोठा अन्याय होता. काम करणाऱ्या स्त्रियांना खरोखर त्रास झाला असेल, तर तोही तेवढाच मोठा होता. यांपैकी कोणती गोष्ट खरी, की दोन्हींत थोडेथोडे तथ्य, याचा निवाडा सर्वांना पटेल अशा रीतीने लोकांपुढे कधी आलाच नाही. वादाची आधी शिक्षा झाली, मग विक्री झाली, मग लोक विसरले. ज्या स्त्रियांनी तक्रार केली त्यांनाही न्याय मिळाला असे म्हणता येत नाही, आणि ज्याने अन्याय झाल्याचे सांगितले त्यालाही मिळाला असे म्हणता येत नाही. त्याला काम मिळाले, ते वेगळे. आत्याचा “मग हा इथं कसा आला?” हा प्रश्न वाटतो तितका भाबडा नाही.

कोणी म्हणेल, ही सारी मुंबईच्या वाहिन्यांची भानगड. सौंसरच्या म्हातारीला तिचे काय? पण तिला आहे, आणि पुण्या-मुंबईच्या म्हातारीपेक्षा अधिक आहे. १९५६ च्या ३१ ऑक्टोबरपर्यंत मध्य प्रदेशाची राजधानीच नागपूर होती. दुसऱ्या दिवशी विदर्भाचे आठ जिल्हे मुंबई राज्यात गेले आणि छिंदवाडा जिल्हा इकडे राहिला. त्या जिल्ह्यातले सौंसर आणि पांढुर्णा हे दोन तालुके म्हणजे बोलीने, शेतीने, सोयरिकीने, संत्र्याच्या बागांनी आणि पोळ्याच्या बैलांनी नागपूरचेच अंगण. २०२३ च्या ऑक्टोबरात या दोन तालुक्यांचा मिळून पांढुर्णा जिल्हा झाला, तेव्हा दिवाळीआधी दिवाळी झाल्यासारखे तिकडचे लोक बोलत होते. जिल्हा झाला, परंतु कचेरीची भाषा हिंदी, पाटीची हिंदी, पोरांच्या परीक्षेची हिंदी. आत्याच्या नातवंडांच्या कानांवर मराठी येते ती दोनच वाटांनी: एक आजीच्या तोंडून, दुसरी वाहिनीवरून. इंदूर, देवास, ग्वाल्हेरच्या जुन्या घरांना हे निराळे सांगायला नको. आपल्याही घरांत आता हेच आहे. नाटक कंपनीचा मुक्काम पडण्याचे दिवस गेले, ग्रंथालयाची पायरी चढणारे कमी झाले. राहिली ती संध्याकाळी सातपासून रात्री दहापर्यंतची मराठी. त्या मराठीतला बाप हा घरातला बाप होतो. तो एका रात्रीत बदलला, तर कोणी का ते सांगावे अशी अपेक्षा करणे काही वावगे नव्हे.

आता इटलीकडे वळू, कारण नातवाचे ते वाक्य अर्धेच खरे होते.

‘गोमोरा’ हे रोबेर्तो साव्हियानो यांचे पुस्तक २००६ साली निघाले. नेपल्सच्या गुन्हेगारी टोळ्यांचा इतका उघड हिशेब त्यात मांडला होता, की लेखकाला त्याच वर्षापासून पोलिसांच्या पहाऱ्यात राहावे लागले. २००८ साली मातेओ गारोने यांनी त्यावर चित्रपट केला, कान महोत्सवात त्याचा सन्मान झाला. दूरचित्रवाणीची मालिका नंतरची, २०१४ ते २०२१ पर्यंत चाललेली. गारोने यांनी पुष्कळशी माणसे त्याच वस्त्यांतून उचलली होती, आणि पुढे त्यांपैकी काहींना खऱ्याच गुन्ह्यांच्या आरोपांवरून अटक झाली. नातू ज्याला ‘खऱ्या गुंडांनाच घेतात’ म्हणत होता ते हे.

पण यात एक गोष्ट त्याच्या नजरेतून सुटली. त्या माणसांना घेतले तेव्हा ती कोणालाही माहीत नव्हती. दिग्दर्शकाला चेहऱ्यातले खरेपण हवे होते, नावातली खळबळ नको होती. इटालियन चित्रपटाची ही जुनीच खोड. १९४८ सालच्या ‘बायसिकल थीव्ज’मधला सायकल हरवलेला बाप हा कारखान्यातला एक साधा कामगार होता, दे सिकाने त्याला नट म्हणून नव्हे, तसा चेहरा म्हणून निवडले. १९५२ साली मुंबईच्या आंतरराष्ट्रीय महोत्सवात तो चित्रपट आला आणि त्याचा ठसा पुढच्याच वर्षी बिमल रॉय यांच्या ‘दो बीघा जमीन’वर उमटला, हे आपल्याकडच्या जुन्या रसिकांना ठाऊक आहे. कामगाराच्या भूमिकेत कामगार आणि गुंडाच्या भूमिकेत गुंड, ही एकाच रीतीची दोन टोके. वादात गाजलेला प्रसिद्ध मनुष्य गुन्ह्याच्या मालिकेत घेणे ही मात्र अगदी उलटी रीत. तेथे प्रेक्षकाने पात्र पाहायचेच नसते; पात्राआडून डोकावणारा तो प्रसिद्ध मनुष्य पाहायचा असतो.

या उलट्या रीतीचे आपल्याकडचे ठळक उदाहरण मला मोनिका बेदी यांचे वाटते, आणि ते आपल्याच प्रदेशातून गेलेले आहे. हिंदी चित्रपटांतली ही नटी २००२ साली लिस्बनमध्ये अबू सालेमबरोबर पकडली गेली; २००५ च्या नोव्हेंबरात दोघांना भारतात आणले. बनावट पारपत्राचा एक खटला हैद्राबादेत चालला, त्यात शिक्षा झाली. दुसरा भोपाळात चालला, त्यातून २००७ साली त्या सुटल्या. हैद्राबादच्या खटल्यातला दोष सर्वोच्च न्यायालयाने २०१० साली कायम ठेवला आणि शिक्षा भोगली तेवढीच पुरे मानली. म्हणजे कायद्याच्या दृष्टीने हिशेब पुरा झाला. परंतु वाहिन्यांनी त्या पुऱ्या होण्याची वाट पाहिली नव्हती. २००८ सालीच त्या हिंदी ‘बिग बॉस’च्या घरात होत्या, आणि २०१३ साली ‘सरस्वतीचंद्र’ मालिकेत त्यांना भूमिका मिळाली ती घुमानची, कारस्थानी सावत्र आईची. गोवर्धनराम त्रिपाठींच्या त्या थोर गुजराती कादंबरीच्या नावावर चाललेल्या मालिकेत कपटी स्त्रीसाठी नेमका हाच चेहरा का सुचला असेल, याचा विचार वाचकांनीच करावा. शिक्षा भोगून आलेल्या बाईने काम करू नये काय? अवश्य करावे, पोट सर्वांनाच आहे. पण तिला एखादी सालस मावशी का देऊ नये? भूतकाळ पुसण्यासाठी ती रंगमंचावर येते आणि तो मंच तिला तोच भूतकाळ पुन्हा अंगावर घालून उभी करतो. अशा पात्रयोजनेला मी दया म्हणणार नाही आणि क्षमाही म्हणणार नाही.

संजय दत्त यांचे प्रकरण याहून निराळे, आणि ते नेहमी चुकीच्या ठिकाणी उद्धृत होते म्हणून दोन शब्द. १९९३ च्या एप्रिलात त्यांना मुंबई बाँबस्फोटांच्या प्रकरणात अटक झाली आणि त्याच वर्षी ‘खलनायक’ प्रदर्शित झाला. नायकाचे नावच खलनायक. गर्दी तुफान लोटली. पण त्यांची निवड अटकेच्या आधीची. बदनामी चित्रपटाला आपण होऊन येऊन मिळाली. निर्मात्याने तिचा फायदा घेतला असे म्हणता येईल, ती विकत घेतली असे नाही. पुढे दहशतवादाच्या आरोपातून ते २००६ साली सुटले, शस्त्र बाळगल्याबद्दल शिक्षा झाली, २०१३ साली सर्वोच्च न्यायालयाने ती पाच वर्षांची ठरविली आणि २०१६ च्या फेब्रुवारीत येरवड्याहून ते बाहेर आले. या सगळ्या काळात त्यांचा प्रेक्षक तुटला नाही, याचे श्रेय वा दोष निर्मात्यांपेक्षा आपल्याकडेच जास्त जातो.

आपल्याकडे म्हणताना मला इंदूरही धरावे लागते. १९२५ च्या १२ जानेवारीस मलबार हिलवर अब्दुल कादर बावला यांचा खून झाला आणि त्यांच्याबरोबर मोटारीत असलेल्या मुमताज बेगमचे नाव देशभर झाले. ती इंदूरच्या दरबारातून निघून आलेली. त्या प्रकरणाच्या धक्क्याने १९२६ च्या फेब्रुवारीत तुकोजीराव महाराजांना गादी सोडावी लागली. आपल्या शहरातल्या जुन्या घरांत ही हकीकत अजून आवाज खाली करून सांगतात. आमच्या आजोबांनी ती आम्हाला एकदाच सांगितली, तीही दार लोटून घेऊन. परंतु मुंबईत कोणी दार लोटून घेतले नाही. त्याच १९२५ साली कोहिनूर फिल्म कंपनीने होमी मास्तरांच्या दिग्दर्शनाखाली त्या प्रकरणावर ‘कुलीन कांता’ हा मूकपट काढला. आपली पोरे मोबाइलवर काय पाहतात म्हणून आपण कपाळाला आठ्या घालतो; ताज्या रक्ताचे चित्र करून तिकिटे विकण्याची विद्या त्यांच्या पणजोबांच्या वेळची आहे, आणि पहिल्या प्रयोगांपैकी एकाचा मजकूर आपल्याच गावाने पुरविला होता.

वाईचाही मजकूर असाच गेला. ज्या तालुक्यात मान्यांच्या मालिकेचे चित्रीकरण चाले, त्याच वाई तालुक्यात २०१६ साली एका डॉक्टर म्हणविणाऱ्या इसमावर एकामागून एक खून केल्याचा आरोप झाला. त्या प्रकरणावर बेतलेली ‘देवमाणूस’ ही मालिका २०२० च्या ऑगस्टात ‘झी मराठी’वर सुरू झाली. नट कोणत्याही वादातला नव्हता. काम उत्तम झाले, लोक त्याला भिऊ लागले. ज्या घरांतली माणसे नाहीशी झाली, त्या घरांतही दूरचित्रवाणी संच असेलच. त्यांना विचारून कोणी ती मालिका केली की नाही, याची चर्चा मी तरी कोठे मोठ्याने झालेली ऐकली नाही. चर्चा झाली ती नायकाच्या देखणेपणाची.

येथे मला एका जुन्या गोष्टीची आठवण होते, आणि ती सांगितल्याशिवाय आपला न्याय पुरा होणार नाही, कारण प्रेक्षक नेहमीच बरोबर असतो असे मला म्हणायचे नाही. बालगंधर्वांनी १९१३ साली कंपनी काढली, बडोद्याच्या सयाजीराव महाराजांचा तिला आश्रय मिळाला. तो सुवर्णकाळ सर्वांना पाठ आहे. उत्तरकाळ पाठ नाही. १९३५ साली ‘धर्मात्मा’ चित्रपटात काम करून ते पुन्हा रंगभूमीकडे वळले आणि १९३८ च्या सुमारास गोहर कर्नाटकी त्यांच्या कंपनीत आल्या. गंधर्वांच्याच वळणाचे गाणे, स्वतःची ध्वनिमुद्रिकांवर झालेली कीर्ती, पण मुसलमान आणि गाणाऱ्या घराण्यातली. त्या नायिकेच्या भूमिका करू लागल्या आणि गंधर्वांवर जीव टाकणारी पांढरपेशी मंडळी नाक मुरडू लागली. काय काय बोलले गेले ते आमच्या आजीच्या पिढीने ऐकले आहे, काही तिनेच म्हटलेही असेल. गोहरबाईंनी कोणाचा खून केला नव्हता, कोणाचे घर लुटले नव्हते, कोणा सहकलावंताला छळले नव्हते. त्यांच्या नावाभोवती जो वाद होता तो सगळा पाहणाऱ्यांच्या मनातला होता. गंधर्वांच्या हलाखीच्या दिवसांत त्यांची शुश्रूषा करीत त्या १९६४ साली गेल्या. गंधर्व १९६७ साली. ज्यांनी त्या नाटकांकडे पाठ फिरविली त्यांना आपण अभिरुची जपत आहो असेच वाटत होते.

म्हणून ‘वादग्रस्त’ या शब्दाची मला धास्ती वाटते. गोहरबाईही वादग्रस्त, मोनिका बेदीही वादग्रस्त, माने तर दोन परस्परविरुद्ध कारणांनी वादग्रस्त. शब्द एकच, आणि आत भरलेला माल इतका निराळा! वृत्तपत्रांनी हा शब्द जरा काटकसरीने वापरावा, असे मला एका वृत्तपत्रातच लिहिताना म्हणावे लागते.

मान्यांच्या त्याच जानेवारीत आणखी एका मराठी नटावर आभाळ कोसळले होते, ते आठवले म्हणजे गुंता अधिक स्पष्ट होतो. अमोल कोल्हे हे शिवाजी आणि संभाजी महाराजांच्या भूमिकांनी घरोघर पोहोचलेले नट, २०१९ पासून शिरूरचे खासदार. ‘व्हाय आय किल्ड गांधी’ या चित्रपटात त्यांनी नथुराम गोडसेची भूमिका केली होती. चित्रीकरण २०१७ सालचे. प्रदर्शन ठरले २०२२ च्या ३० जानेवारीस, गांधीजींच्या पुण्यतिथीला. गदारोळ उठला. त्यांच्याच पक्षाचे जितेंद्र आव्हाड विरोधात उभे राहिले. शरद पवारांनी नट म्हणून केलेले काम नटाचे म्हणूनच पाहावे, अशी बाजू घेतली. कोल्ह्यांनी आपला गोडसेच्या विचाराला पाठिंबा नसल्याचे सांगितले आणि आळंदीस जाऊन आत्मक्लेश केला. मान्यांच्या बाबतीत पडद्याबाहेरचे बोलणे आणि वागणे पडद्यावर चालून आले. कोल्ह्यांच्या बाबतीत पडद्यावरची भूमिका पडद्याबाहेरच्या माणसावर चालून गेली. एकाच महिन्यात महाराष्ट्राने दोन्ही तऱ्हा करून पाहिल्या. कोल्ह्यांच्या प्रकरणी माझे मत पवारांच्या बाजूचे आहे. खुन्याची भूमिका कोणी करूच नये म्हटले, तर गांधीजींचा खून झाला हे दाखवायचे कसे? मात्र पुण्यतिथीचाच मुहूर्त ज्याने काढला, त्याला भूमिकेपेक्षा गदारोळाचीच ओढ होती, असे मला त्या वेळी वाटले आणि अजून वाटते.

तर मग पाहायचे काय आणि वर्ज्य करायचे काय? नट शुद्ध चारित्र्याचाच हवा अशी अट घातली, तर मराठी रंगभूमीचा निम्मा इतिहास फळ्यावरून पुसावा लागेल, आणि उरलेला निम्मा पाहायला फारसे कोणी येणार नाही. मी स्वतः दोनच गोष्टी पाहतो. एक, जाहिरात. जाहिरातीत भूमिकेविषयी चार शब्द असतील तर मी माणसाचा भूतकाळ उकरीत नाही. भूमिकेचे नावही नसेल आणि केवळ तो वाद आठवावा अशी तसबीर असेल, तर तेथे मला गिऱ्हाईक म्हणून बोलावलेले आहे हे ओळखतो. दुसरी गोष्ट अवघड आहे: ज्याचे नुकसान झाले असे म्हणतात, तो मनुष्य त्या वेळी कोठे बसला आहे? त्याची दाद लागली की नाही? गोहरबाईंच्या बाबतीत असा कोणी नव्हताच. वाईच्या बाबतीत घरेच्या घरे आहेत. मान्यांच्या बाबतीत एकीकडे त्या तक्रार करणाऱ्या स्त्रिया आहेत आणि दुसरीकडे स्वतः माने आहेत, आणि मला दोघांचीही ठाम बाजू घेता येत नाही, कारण घेण्यासाठी लागते ते कोणी माझ्यापुढे ठेवलेले नाही. निर्मात्यांनी नट काढावा वा घ्यावा, तो त्यांचा अधिकार. पण काढताना आरोप चारचौघांत करायचा आणि मग चौकशी कोणी केली, काय निघाले, हे मात्र घरात ठेवायचे, ही रीत बंद झाली पाहिजे. कामाच्या जागी होणाऱ्या लैंगिक छळासाठी २०१३ चा कायदा आहे, समिती नेमावी लागते. इतर गैरवर्तनासाठी आणि मतांपायी काम गेल्याच्या तक्रारीसाठी कलावंतांच्या संस्थांनीच एखादे त्रयस्थ पंचमंडळ उभारायला कोणाची हरकत आहे? पंचांचा निर्णय गावात दवंडी पिटून सांगण्याची आपल्याकडे जुनी चाल होती.

हे सारे मी आत्याला त्या रात्री सांगितले असे नाही. मी एवढेच सांगितले, की काढले तेव्हा दोन बाजूंनी दोन कारणे दिली गेली, मग दुसऱ्यांनी घेतले.

“अन् त्यातलं खरं कोणतं?” आत्याने विचारले.

नातवाने माझ्याकडे पाहिले, मी नातवाकडे. बाहेर रस्त्यावरून पांढुर्ण्याची गोटमार पाहून परतणारी पोरे आरडाओरडा करीत चालली होती. कोणाच्या डोक्याला किती टाके पडले याची मोजदाद चालू होती. प्रशासनाने मागे तेथे दगडांऐवजी रबरी चेंडू देऊन पाहिले होते. लोकांनी चेंडू ठेवले बाजूला आणि दगड उचलले.

“कोणी सांगितलंच नाही, आजी,” नातू म्हणाला.

आत्याने थोडा वेळ वाट पाहिली, जणू आम्हा दोघांपैकी कोणाला तरी आठवेल. मग तिने चष्मा पदराने पुसला, डोळ्यांवर चढविला आणि मोबाइल मागितला.

“लाव रे पुढचा भाग. पोरीला शाळेत घालतो का नाही, पाहू दे.”